नादमिस्त्री: एका काल्पनिक माणसाचं घर बांधायचंय, हातभार लावा

लष्करकर, शुक्रवार, रात्री ९.५२

नमस्कार मंडळी. यंदा गणपतीत आमच्या मंडळाची एकांकिका मी लिहायची असं ठरलं आहे. ठरलं म्हणजे, मीटिंगला मी पोचलो तेव्हा ठरून चहा चालू होता. विषय मात्र माझा मी निवडायचा, एवढी मुभा दिली.

नायक पूर्ण काल्पनिक आहे. काळ साधारण १९१० ते १९१५, जागा आमचं लष्कर, ग्वाल्हेर. बाप दगडकाम करणारा मिस्त्री. मामा मिरजेला तंबोरे बनवणारा. पोरगं निम्मं वर्ष इथे, निम्मं तिथे वाढलं, त्यामुळे भिंत आणि तार या त्याला दोन वेगळ्या गोष्टी वाटतच नाहीत. लोक त्याला नादमिस्त्री म्हणतात. तो एका सरदाराला शब्द देतो: सात खोल्यांचं असं घर बांधून देईन की प्रत्येक खोलीत टाळी वाजवली की वेगळा सूर येईल. दिवाणखाना सा, माजघर रे, देवघर ग, असं करत करत. शेवटच्या प्रवेशात पहाटे सगळी दारं उघडतात आणि घर भूप गातं.

आता अडचण सांगतो. आमच्या पहिल्या रांगेत बसणारे निम्मे लोक संगीत शिकवून निवृत्त झालेले आहेत आणि उरलेले सरकारी बांधकाम खात्यातून. दोन्हीकडून मार खायची माझी तयारी नाही. हे कितपत शक्य आहे, की निव्वळ थापा वाटतील?

फुकटफौजदार, शुक्रवार, रात्री १०.०५

भूपात मध्यम आणि निषाद नसतात. म्हणजे सातातल्या दोन खोल्या कायम बंद. तिथे भाडेकरू ठेवा, सरदाराला तेवढंच उत्पन्न.

जवारी, शुक्रवार, रात्री १०.३१

वरचा प्रतिसाद सोडून बोलते. मिरज आणि ग्वाल्हेर ही जोडणी छान साधली आहे तुम्ही, कळत की नकळत ठाऊक नाही. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर ग्वाल्हेरची गायकी वासुदेवबुवा जोशींकडून शिकले आणि पुढे मिरजेत त्यांनी विष्णु दिगंबर पलुस्करांना शिकवलं. तेव्हा तुमच्या पोराच्या दोन्ही घरांत एकच गाणं वाजत असणार.

तंबोऱ्याबद्दल एक. भोपळा मोठा म्हणून तंबोरा बोलत नाही. घोडीच्या, म्हणजे तारा जिच्यावर टेकतात त्या पट्टीच्या, पाठीवर जो अगदी किंचित उतार असतो आणि तारेखाली सरकवलेला सुताचा दोरा, त्यावर सगळं असतं. दोरा केसभर इकडेतिकडे झाला की तार मुकी होते. मामाकडून मुलगा काही शिकला असेल तर तो हा केसभराचा हिशोब. सात खोल्यांचं घर मला त्या मानाने फार ढोबळ वाटतं, राग मानू नका.

ओवरी, शुक्रवार, रात्री ११.१८

हंपीच्या विठ्ठल मंदिराचा उल्लेख कोणीतरी करणारच, मीच करतो. मंडपाचे छप्पन्न खांब बोटाने वाजवले की सूर निघतात, म्हणून प्रसिद्ध आहेत. आता हात लावू देत नाहीत. पण तिथे वाजतो तो दगड. दगडाच्या बारीक दांड्याला जलतरंगाच्या वाटीसारखा स्वतःचा सूर असतो. तुमचा नायक खोलीतली हवा वाजवायला निघाला आहे, ते प्रकरण वेगळं.

आपल्याकडे खोलीतल्या आवाजाचा विचार मात्र फार जुना आहे. नाट्यशास्त्राचा दुसरा अध्याय काढा. मंडपाचे तीन आकार आणि तीन मापं दिली आहेत: १०८, ६४ आणि ३२ हात. माणसांसाठी ६४ हात लांब आणि ३२ हात रुंद मंडप घ्यावा, याहून मोठा केला तर बोललेलं अस्पष्ट होतं आणि चेहऱ्यावरचे भावही दिसत नाहीत, असं स्पष्ट कारण दिलं आहे. हात दीड फुटाचा धरला तर ९६ बाय ४८ फूट. पुढे म्हणतात, 'कार्यः शैलगुहाकारो द्विभूमिर्नाट्यमण्डपः, मन्दवातायनोपेतो निर्वातो धीरशब्दवान्'. डोंगरातल्या गुहेसारखा, खिडक्या लहान, वारा नाही, म्हणजे आवाजाला गांभीर्य येतं. नायकाला हे कोणा शास्त्रीबुवांकडून ऐकायला मिळालं असं दाखवा, पहिल्या रांगेतले माना डोलावतील.

चुनाविटी, शनिवार, सकाळी ६.४०

मी बडोद्याचा, आयुष्य बांधकामात गेलं. कॉलेजात आर्ट्सच्या मोठ्या घुमटाखाली टाळ्या वाजवून शिपायाच्या शिव्या खाल्लेल्या आहेत, तेव्हा विषय जिव्हाळ्याचा.

लष्करकर, खोलीला सूर असतो ही थाप नाही. दोन समोरासमोरच्या भिंतींमध्ये लाटेची बरोबर निम्मी लांबी मावली की तो सूर फुगतो. आवाजाचा वेग भागिले अंतराची दुप्पट, एवढंच गणित. पण तुमचा दिवाणखाना २० फूट लांब असेल तर उत्तर येतं सेकंदाला २८ कंपनं. त्याला सूर म्हणायला हत्तीचा कान हवा. मोठी खोली म्हणजे गाणारी खोली, हा उलटा समज आहे. सूर हवा असेल तर खोली लहान पाहिजे.

चार फुटी न्हाणीघर घ्या. ४ फूट म्हणजे १.२२ मीटर. वेग ३४३ धरा. ३४३ भागिले २.४४ बरोबर १४० आणि थोडं. आता काळी एकचा, म्हणजे पेटीच्या पहिल्या काळ्या पट्टीचा, खालचा सा किती? १३८.६. आपण सगळे न्हाणीघरात गवई होतो ते उगीच नाही.

लष्करकर, शनिवार, सकाळी ७.१५

चुनाविटी काका, दंडवत! मग सरदाराला सात न्हाणीघरं बांधून द्यायची. विनोदी अंगानेही जाईल.

चुनाविटी, शनिवार, सकाळी ७.५०

थांबा, पूर्ण ऐकून घ्या. आवाजाचा वेग हवेच्या उष्णतेवर असतो. तुमच्या ग्वाल्हेरला जानेवारीत पहाटे ५ अंश, तेव्हा वेग ३३४. मे महिन्यात दुपारी ४५, तेव्हा ३५८. तेच न्हाणीघर हिवाळ्यात १३७ ला बोलेल आणि उन्हाळ्यात १४६.८ ला. म्हणजे जानेवारीत काळी एकच्या जरा खाली आणि मे महिन्यात थेट सफेद दोन. घर ऋतूप्रमाणे पट्टी बदलणार. तंबोऱ्याला खुंटी असते, भिंतीला कुठून आणायची?

फुकटफौजदार, शनिवार, सकाळी ८.०२

मे महिन्यात लष्करात न्हाणीघरात कोण गातं हो? टाकीचं पाणी अंगावर घेतलं की जो निघतो तो सूर कुठल्याच पट्टीत नसतो.

इमलीतळे, शनिवार, दुपारी १२.२५

मी मूळची ग्वाल्हेरची, आता इंदुरात. लहानपणी तानसेनाच्या समाधीजवळची चिंचेची पानं आम्हीही खाल्ली आहेत, गळा गोड होतो म्हणून. माझा झाला नाही, पण त्या परिसराने एक गोष्ट शिकवली ती सांगते.

तानसेनाची समाधी लहान, उघडी. शेजारी सूफी संत महम्मद घौसांचा मोठा मकबरा, चहूबाजूंनी दगडी जाळ्यांनी वेढलेला. जाळीच्या पडवीत उभं राहून मी एकदा हळूच सा लावला होता. अपेक्षा अशी की दगडच दगड, आता दणकून घुमेल. तसं झालं नाही. आवाज भरला आणि जाळीतून निघून गेला, जशी हातातून वाळू जाते. मध्ये घुमटाखाली गेले तर पुन्हा वेगळंच. एकाच इमारतीत दहा पावलांवर दोन स्वभाव.

आणि काल्पनिक द्रष्टा शोधताना आपला खरा राजा कसा विसरलात? मानसिंह तोमर, राज्य १४८६ ते १५१६. गडावर निळ्या टाइलांचं मान मंदिर त्याचं, पायथ्याचा गुजरी महाल त्याचा, ध्रुपदाला राजाश्रय त्याचा, आणि 'मानकुतूहल' हा संगीतावरचा ग्रंथही त्याच्याच दरबारचा. सतराव्या शतकात फकीरुल्लाने त्याचं फारसीत रूपांतर केलं. मान मंदिराच्या चौकांभोवती जाळ्या आहेत, त्यांच्याआड बसून राण्या गाणं ऐकत असं गाइड सांगतात. गाइडच्या बोलण्यातलं निम्मं सोडून देऊ, पण जाळीची करामत खरी आहे: डोळ्याला अडवते, कानाला नाही.

जवारी, शनिवार, दुपारी १.१०

इमलीतळे ताई, 'आवाज भरला आणि निघून गेला' हे फार आवडलं.

आडून ऐकण्यावरून आठवलं. हद्दूखाँ आणि हस्सूखाँ या गवयांची गोष्ट ग्वाल्हेरवाल्यांना पाठ असेल. बडे महम्मदखाँची तान यावी म्हणून शिंदे सरकारांनी या दोघा भावांना पडद्याआड बसवून महिनोन् महिने ऐकवलं असं सांगतात. गोष्टीत मीठमसाला किती, देव जाणे. पण नायकाच्या कामात हे घ्या ना. पडदा कुठे टांगला, पडद्यामागची भिंत कसली होती, तानेतला दाणा न् दाणा पलीकडे कसा पोचला? कापडातून जाताना बारीक, धारदार आवाज आधी मरतो आणि जाडा उरतो. दाणेदार तान चोरायची तर पडदा विरळच हवा. हे मिस्त्रीला कळतं, दरबाऱ्यांना नाही.

खडाष्टक, शनिवार, दुपारी २.३०

ख्यालाची सगळी घराणी ग्वाल्हेरातून निघाली हे इथे नमूद करून ठेवतो. कोणाला वाद घालायचा असेल तर स्वतंत्र धागा काढा.

फुकटफौजदार, शनिवार, दुपारी २.३३

स्वतंत्र धागा काढा म्हणून वाद सुरू करणारा पहिलाच माणूस पाहिला. शेंगदाणे भाजायला घेतो.

रेघोट्या, शनिवार, रात्री ९.०५

मी आर्किटेक्ट, इंदूर. धागा उशिरा दिसला. तुम्ही सगळे मिळून नायकाचे पंख छाटताय असं वाटतंय, म्हणून त्याच्या बाजूने एक साक्षीदार उभा करतो. तो काल्पनिक नाही.

यानिस झेनाकिस. ग्रीक. दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीला अथेन्समधल्या लढाईत तोफगोळ्याने चेहरा फाटला, डावा डोळा गेला. शिक्षण इंजिनियरिंगचं. १९४७ मध्ये पॅरिसला पळून आला आणि ल कॉर्बुझिएच्या कचेरीत हिशोबनीस इंजिनियर म्हणून लागला, तेच कॉर्बुझिए ज्यांनी आपलं चंदीगड केलं. दिवसा काँक्रीटची गणितं, रात्री संगीत. १९५३-५४ मध्ये त्याने 'मेटास्टासिस' ही रचना लिहिली, ६१ वादकांसाठी. त्यातल्या ४६ तंतुवाद्यांतला प्रत्येक जण आपापल्या सुरावरून आपापल्या वेगाने दुसऱ्या सुरावर घसरत जातो. त्याने हे आधी आलेखाच्या कागदावर आखलं: आडवा काळ, उभा सूर, प्रत्येक वाद्याची एक सरळ तिरपी रेघ. अशा पुष्कळ रेघा शेजारी शेजारी काढल्या की कागदावर आपोआप वळणदार पट दिसायला लागतो.

पुढे १९५८ च्या ब्रसेल्सच्या जागतिक प्रदर्शनात फिलिप्स कंपनीचा मंडप कॉर्बुझिएंकडे आला आणि त्यांनी तो झेनाकिसकडे सरकवला. त्याने भिंती म्हणून तेच पट उभे केले. एकही भिंत सपाट नाही, पण प्रत्येक भिंत सरळ रेघांनी बनलेली. समजायला अवघड वाटत असेल तर घरची सुतळीची खाट घ्या आणि तिचा एकच पाय उचलून धरा, चौकट पिळेपर्यंत. एकेक सुतळी सरळच राहते, पण विणलेला पट मुरडतो. तो मंडप म्हणजे अशा पिळलेल्या खाटा उभ्या करून टोकांना टोकं भिडवलेली. आत शेकडो स्पीकर आणि व्हारेझ या संगीतकाराची आठ मिनिटांची ध्वनिफीत, आवाज भिंतीभिंतींवरून फिरत जायचा. लोक आत येताना वाजणारा छोटा तुकडा झेनाकिसचा स्वतःचा होता, जळत्या कोळशाच्या तडतडीपासून बनवलेला.

तेव्हा बांधकाम आणि सूर एकाच रेघेने काढणारा माणूस होऊन गेला आहे. नायकाला न्हाणीघरात कोंडू नका. त्याला रेघ द्या.

जवारी, शनिवार, रात्री १०.२०

वाचताना अंगावर काटा आला, हे आधी मान्य करते. विशेषतः कोळसा.

पण मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर न तुटता सरकणं, सरळ रेघ नसते हो. सरळ रेघेत सा पासून प पर्यंत गेलात तर भोंगा होतो. मींडेत गळा वाटेत गांधाराला टेकतो, मध्यमाला नुसतं विचारतो, आणि कुठे रेंगाळायचं ते राग ठरवतो. तुमच्या झेनाकिसला ते नकोच होतं, त्याला गर्दीचा आवाज हवा होता, ते त्याच्या जागी ठीक. आमच्या मिस्त्रीने रेघ काढली तर ती वाटेत तीनदा थांबेल.

रेघोट्या, शनिवार, रात्री १०.४१

तीनदा थांबणारी रेघ. म्हणजे जिना! पायऱ्या असमान उंचीच्या, श्रुतींच्या अंतराने. लष्करकर, लिहून घ्या.

चुनाविटी, शनिवार, रात्री १०.५०

असमान पायऱ्यांवर सरदार पडेल आणि नाटक दुसऱ्या प्रवेशात संपेल.

चुनाविटी, रविवार, सकाळी ६.३०

रात्री झोपताना वाटलं, आपण नुसतं नाही नाही म्हणतोय. म्हणून माझ्या आवडत्या माणसाची गोष्ट सांगतो. वॉलेस सबाइन, हार्वर्डमधला तरुण मास्तर. १८९५ मध्ये तिथे फॉग म्युझियमच्या नव्या व्याख्यानगृहात बोललेलं कोणाला कळेना. एक शब्द साडेपाच सेकंद घुमत राहायचा, तोवर पुढचे पंधरा शब्द त्यावर चढलेले. हे दुरुस्त करायचं काम याच्याकडे आलं. याच्याजवळ साधनं काय? ऑर्गनची एक नळी, एक घड्याळ आणि स्वतःचे कान. रात्री सगळं शांत झालं की माणसं लावून सँडर्स थिएटरच्या आसनांच्या गाद्या उचलून आणायच्या. नळी वाजवायची, थांबवायची, नाद ऐकू येईनासा होईपर्यंत सेकंद मोजायचे. मग आणखी गाद्या, परत मोजणी. उजाडायच्या आत गाद्या जागेवर, कारण सकाळी त्यांच्यावर बसायला लोक यायचे. अशा कितीएक रात्री. त्यातून सूत्र निघालं: घुमण्याचे सेकंद म्हणजे ०.१६१ गुणिले खोलीचं घनफळ भागिले खोली किती आवाज पिते ते. पिण्याचं माप काय धरलं? उघडी खिडकी. एक चौरस मीटर उघडी खिडकी म्हणजे एक, कारण तिच्यातून गेलेला आवाज परत येत नाही. त्याच्या हिशोबावर बांधलेला बॉस्टनचा सिंफनी हॉल १९०० मध्ये उघडला आणि अजून नावाजला जातो.

तुमच्या सरदाराची बैठकीची खोली धरू, २० बाय १२ फूट, उंची १०. घनफळ ६८ घनमीटर. भिंतींना चुन्याचा गिलावा, खाली फरशी, वर लाकडी तक्तपोशी. पुस्तकी आकडे घालून रिकाम्या खोलीचे अडीच सेकंद येतात.

इमलीतळे, रविवार, सकाळी ९.१५

काका, तक्तपोशी पुण्याकडची. लष्करच्या जुन्या घरांत छताला दगडी पटिया असतात, तुळयांवर आडव्या टाकलेल्या.

चुनाविटी, रविवार, सकाळी ९.४०

मग मेलात. दगड काहीच पीत नाही. परत केलं: चार सेकंद. आता हे गाण्याला लावा. दुर्गत तानेत सेकंदाला आठ सूर धरू. चार सेकंदांच्या खोलीत पुढचा सूर येईपर्यंत मागचा जेमतेम दोन डेसिबल उतरलेला असतो. म्हणजे तान नाही, खिचडी. दोन खिडक्या उघडा, सव्वादोन सेकंद. दहा माणसं आणून बसवा, एक माणूस साधारण अर्ध्या चौरस मीटरच्या खिडकीएवढं पितो, तर १.१ सेकंद. आता तेच सूर एकमेकांपासून सातेक डेसिबलने सुटे होतात. खोली तीच, भिंती त्याच.

(दुर्गत नव्हे, द्रुत. मोबाइलने दुरुस्त केलं. राहू दे, चार सेकंदांच्या खोलीत दुर्गतच.)

जवारी, रविवार, सकाळी १०.०५

म्हणून ध्रुपदाच्या आलापाला घुमणारी जागा चालते, किंबहुना हवीशी वाटते, आणि दाणेदार तानेला बैठक लागते! माइक नव्हता तेव्हा ग्वाल्हेरचा खुला आवाज आणि श्रोत्यांनी भरलेली खोली, हे दोन्ही मिळून एक वाद्य होतं.

फुकटफौजदार, रविवार, सकाळी १०.०९

म्हणजे श्रोते दाद देवोत न देवोत, नुसते बसले तरी उपयोग आहे. माझ्यासारख्याला फार दिलासा.

लष्करकर, सोमवार, रात्री ११.३०

काल प्रतिसाद द्यायला जमलं नाही कारण मी टाळ्या वाजवत होतो.

दौलतगंजात माझ्या आत्याचा वाडा आहे. खाली दुकानं, वर राहतं. विकायचं ठरलंय, सामान हलवणं चालू आहे. वरची बैठक पूर्ण रिकामी झाली होती. टेपने मोजली: १९ फूट आठ इंच, बारा फुटांना दोन बोटं कमी. उंची दहाच. काका, तुम्ही आमच्याकडे येऊन गेला आहात का?

मध्यावर उभं राहून एक टाळी वाजवली. आलं ते टाळीचं उत्तर नव्हतं. टर्र्र्र, असं, कोंबडीने पंख झटकावेत तसं, दोन लांब भिंतींच्या मध्ये. मग तो टरटराट विरला आणि मागून एक लांब शेपूट राहिलं. मोबाइलवर मोजलं, कानाला ऐकू येईपर्यंत तीनच्या पुढे. आत्या (वय ८४) दारात खुर्ची टाकून बसली होती. म्हणाली, "रिकामी खोली अशीच भुंकते. वाजवू नकोस, खालचा दुकानदार वर येईल."

मग मी तिला तुमचं सगळं पुराण सांगितलं. सबाइन, गाद्या, खिडक्या. तिने शांतपणे ऐकून घेतलं आणि बोटाने समोरची भिंत दाखवली. तिथे पाच लाकडी खुंट्या आहेत. मी जन्मापासून पाहतोय, कधी विचार केला नाही. माझा हात वर करून चवड्यांवर उभा राहिलो तरी पोचत नाही एवढ्या उंच. कपडे टांगायला इतक्या वर कोण खुंट्या मारेल? आणि फक्त एकाच भिंतीला, गवई बसायचा त्याच्या बरोबर समोर.

"गाणं असलं की सासूबाई तिथे गोधड्या टांगायच्या," आत्या म्हणाली. "शिडी लावून. लोकांना वाटायचं ओल लपवतायत. ओल होतीच म्हणा. पण ओल खाली होती आणि गोधड्या वर."

कोणी शिकवलं त्यांना? आत्याला ठाऊक नाही. "त्यांना विचारायची सोय नव्हती," एवढंच म्हणाली.

ट्रंकेतून चार गोधड्या काढल्या. नेप्थलीनच्या वासाने दोघांना शिंका. दुकानदाराचीच शिडी आणली (तो वर आलाच होता). चारही टांगल्या आणि टाळी वाजवली. कोंबडी गेली. शेपूट निम्म्याहून लहान झालं. मी उत्साहाने सा लावला. आत्याने डोळे मिटून ऐकला आणि म्हणाली, "हां, आता तुझा बेसूर नीट ऐकू येतो."

चुनाविटी, मंगळवार, सकाळी ५.५५

रात्री वाचलं, झोप लागली नाही, पहाटे उठून हिशोब केला. चार जाड गोधड्या, प्रत्येकी पावणेतीन चौरस मीटर, चाळीस टक्के पितात धरू. खोली चारावरून दीड सेकंदावर येते. आणि समोरासमोरच्या दोन भिंतींतली एक मऊ झाली की टरटर थांबणारच. जागा अचूक निवडली होती बाईंनी. खुंट्या मोजून ठेवा, फोटो काढा, वाडा पडायच्या आत उंची लिहून ठेवा.

लष्करकर, मंगळवार, रात्री ८.२०

फोटो काढले. उंची फरशीपासून ८ फूट २ इंच.

आणि नाटक बदललं. सात खोल्यांचं घर आता पहिल्या प्रवेशातच बांधून तयार आहे. सरदार खूश, गवयाला बोलावणं जातं. गवई येतो, मधोमध बसतो, एक आलाप घेतो, एक तान घेतो, तंबोरा गवसणीत घालतो आणि उठतो. घर भुंकतं. मग पुढचं सगळं नाटक रात्रीचं आहे. नादमिस्त्री आणि सरदाराच्या घरची एक म्हातारी, एक शिडी, आणि घरातल्या झोपलेल्या माणसांच्या अंगावरून हळूच ओढून आणलेल्या गोधड्या. उजाडायच्या आत परत पांघरायच्या. न्हाणीघराचा प्रवेश ठेवला आहे, तो काढवत नाही.

रेघोट्या, मंगळवार, रात्री ९.००

लेखन उत्तम होईल यात शंका नाही, पण माझा निषेध नोंदवून घ्या. द्रष्टा माणूस शेवटी गोधड्या टांगतो? ब्रसेल्सचा मंडप प्रदर्शन संपल्यावर पाडूनच टाकला, तरी साठ-पासष्ट वर्षं आम्ही त्याची चित्रं समोर ठेवून शिकतो. गोधडीचं चित्र कोण ठेवणार? त्याचं वेडं घर स्टेजवर दिसू तरी द्या.

इमलीतळे, मंगळवार, रात्री ९.२२

पाच खुंट्या त्या भिंतीत अजून आहेत की. वर बघितलं नाही कोणी, एवढंच.

रेघोट्या, मंगळवार, रात्री ९.३०

ताई, तुमचं बरोबर आहे आणि तरीही माझा निषेध कायम. लष्करकर, नेपथ्याला माणूस हवा असेल तर मी येतो. मागच्या पडद्यावर घराचा नकाशा खडूने मी काढीन, पिळलेल्या भिंतींसकट. नायकाने तो शेवटी पुसायचा की ठेवायचा ते तुम्ही ठरवा.

लष्करकर, मंगळवार, रात्री ९.४५

या. जेवायला आमच्याकडेच. पुसायचं की नाही ते तालमीत बघू.

आता व्यवहाराचं. आमच्या सभागृहाला पत्र्याचं छत आहे, तिथे मंत्र्याचं भाषणही तीनदा ऐकू येतं. प्रयोग माइकशिवाय करायची इच्छा आहे. त्यामुळे प्रॉपर्टी म्हणून नव्हे, खरोखरच गोधड्या लागणार आहेत, जितक्या मिळतील तितक्या. लष्कर, कंपू, शिंदे की छावणी भागातल्यांनी कृपया कळवावं.

खडाष्टक, मंगळवार, रात्री १०.०२

आमच्याकडे सहा आहेत. आईच्या हातच्या. धुऊन देऊ की तशाच?

चुनाविटी, मंगळवार, रात्री १०.०६

तशाच द्या. आणि सपाट ताणून टांगू नका, चुण्या पडू द्या, भिंतीपासून चार बोटं सुटून असू द्या.

लष्करकर, मंगळवार, रात्री १०.१०

आणि कोपऱ्यात नावं घालून द्या. गेल्या वर्षीच्या सतरंज्या अजून कोणाच्या कोणाकडे आहेत.